शेवटची तारीख कोणाची?

रायपूरच्या गोलबाजाराविषयी इथे सर्रास म्हणतात, की जन्मापासून मरणापर्यंत लागणारे सगळे तिथे मिळते. काकूंच्या तेराव्याला वाटायचे तांबे घ्यायला मी तिथेच गेले. दुकानदाराने विचारले, "हल्का वाला दूँ? बाँटना ही तो है।"

माझे भांडण त्या 'हल्का'शी आहे. आणि आपल्या लिहित्या मंडळींशीही. वस्तूंचा तिटकारा मिरवणे ही आपल्याकडे विचारवंत असल्याची खूण झाली आहे. कोणी गेले, की 'सोबत काय नेणार?' हे ठरलेले. अहो, सोबत न्यायच्या कधी होत्या वस्तू? त्यांचे काम मागे राहण्याचे. काकूंच्या पितळी डब्यावर त्यांच्या सासूबाईंचे नाव कोरलेले आहे. सासूबाईंना मी पाहिलेलेही नाही. पण त्यातले पोहे काढताना आपल्या आधी इथे कोणी होते आणि नंतरही कोणी असेल, हे हाताला कळते. पातेल्यांची कल्हई गेली, की कथील-नवसागर घेऊन कल्हईवाला यायचा. भांडे पुन्हा उभे राहायचे, माणूस तेवढा जायचा.

आता उलटे झाले आहे. मोबाइलची बॅटरी आत चिकटवलेली, मिक्सर दुरुस्तीपेक्षा नवा परवडतो. पॅकबंद मालावर महिना-वर्ष छापायला केंद्राचे २०११ चे नियम लावतात. ग्राहकाच्या हिताचेच आहे ते. पण घरातली प्रत्येक वस्तू आपल्याआधी मरू लागली, की टिकणारे आपणच, असा भ्रम होतो. उपभोगवादाचा खरा गुन्हा मला हा वाटतो. लोभ तर जुनाच आहे.

याच शहरात राहून विनोदकुमार शुक्ल यांनी 'नौकर की कमीज' लिहिली, १९७९ मध्ये आली. तिथे साहेबाने आदर्श नोकरासाठी शिवलेला सदरा आधी असतो. माणूस नंतर त्याच्या मापाचा शोधतात. वस्तू माणसावर किती हुकूमत गाजवते, हे त्यांना ठाऊक होते. म्हणून त्यांनी सदऱ्याकडे पाठ फिरवली नाही, त्यावर कादंबरी लिहिली.

मी जड तांबेच घेतले आणि प्रत्येकावर काकूंचे नाव कोरून मागितले. घरी वाद झाला. गेलेल्या माणसाचे नाव असलेले भांडे लोक स्वयंपाकघरात ठेवतील का? वहिनी म्हणाल्या, "अशुभ मानतात हो काही जण."

मानोत. ज्यांना नको असेल त्यांनी तांब्या परत आणून द्यावा. माझ्या माठाजवळ जागा आहे.