मध्यस्थ म्हणजे घरातला वडीलधारा नव्हे

दिवाळी अंकात घटस्फोटाचा विषय कशाला, असे काही वाचक म्हणतील. पण कॅलिफोर्नियातल्या आपल्या मंडळींत अशी घरे आता तुमच्याआमच्या ओळखीची आहेत, आणि त्या घरांतली मुले आपल्याच मराठी शाळेत येतात. म्हणून लिहितो.

बारा-तेरा वर्षांपूर्वी एका तरुण जोडप्याचे भांडण विकोपाला गेले, तेव्हा दोन्हीकडच्यांनी मला बोलावले. "सर, तुमचं ते ऐकतील." मी गेलो आणि दीड तास बोललो. जुळवून घ्या, मुलाकडे बघा, टाळी एका हाताने वाजत नाही. दोघांनी माना डोलावल्या, ती घरी परत गेली. वर्षाच्या आत दोघे कोर्टात होते. पुढे कधीतरी ती मला म्हणाली, "काका, त्या दिवशी तुम्ही मला एकही प्रश्न विचारला नाहीत." खरे होते. मला उत्तर आधीच ठाऊक होते : संसार टिकला पाहिजे.

कोर्टाने त्यांना मध्यस्थाकडे पाठवले. मुलाच्या ताब्यावरून आईवडिलांचे एकमत नसेल, तर सुनावणीआधी मध्यस्थी झालीच पाहिजे, असा कॅलिफोर्नियात १९८१ पासून नियम आहे. त्याला वेगळी फी पडत नाही. "सक्तीची मध्यस्थी कसली?" असे अनेकजण विचारतात. सक्ती येऊन बसण्याची आहे, कबूल होण्याची नाही. नाही जमले तर न्यायाधीश ठरवतील.

त्या खोलीत चूक कोणाची, हे कोणी ठरवत नाही. प्रश्न साधे असतात. शाळेच्या दिवसांत मूल कुठे झोपेल? शाळेतून कोण आणेल? उन्हाळ्यात भारतात कोण नेईल, परतीची तारीख काय? दिवाळी कोणाकडे? घर, पैसा, पोटगी यांचा निकाल तिथे लागत नाही. हे प्रश्न आम्ही वडीलधाऱ्यांनी कधी विचारलेच नव्हते, कारण ते विचारणे म्हणजे संसार मोडला हे मान्य करणे.

भारतातही कायदा याच वाटेने चालला आहे. १९८४ च्या कुटुंब न्यायालय कायद्याने समेटाचा प्रयत्न करणे हे न्यायालयाचे कर्तव्य ठरवले. २०१३ साली सर्वोच्च न्यायालयाने वैवाहिक वाद सुरुवातीलाच मध्यस्थीकडे पाठवण्यावर भर दिला. पण 'समेट' म्हटले की आमच्या पिढीला पुन्हा एकत्र नांदणे एवढाच अर्थ दिसतो. प्रत्यक्षात तिथल्याही अनेक मध्यस्थी परस्परसंमतीच्या घटस्फोटावर थांबतात. माझ्या मते ते अपयश नव्हे. वर्षानुवर्षांच्या तारखा, उलटसुलट तक्रारी आणि त्यात वाढणारे मूल, हे खरे अपयश.

तरी मध्यस्थी म्हणजे रामबाण औषध नाही. मारहाण किंवा धमक्या झाल्या असतील, तर "एकदा समोरासमोर बसा" असा आग्रह कोणीही धरू नये. कॅलिफोर्नियात अशा वेळी दोघांची वेगवेगळ्या वेळी भेट मागता येते, आधाराला सोबत माणूस नेता येतो. दुसरे, काही काउंटींत मध्यस्थाशी झालेले बोलणे गुप्त राहते, तर काहींत मध्यस्थ न्यायाधीशांना शिफारस करतो. आपल्या काउंटीत काय आहे, हे तोंड उघडण्याआधी विचारून घ्या. तिसरे, ठरलेले कागदावर आले की सही करण्यापूर्वी वकिलाला दाखवा. न्यायाधीशांची सही झाली की तो कोर्टाचा हुकूम होतो.

तरुण वाचकांना एवढेच सांगतो : 'शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये' ही म्हण ऐकून दिवस ढकलत बसू नका. आणि आत जाल तेव्हा पुण्या-नागपूरहून फोनवर पढवलेली वाक्ये बाहेर ठेवून जा. मूल तुमचे आहे, आजीआजोबांच्या मानापमानाचे नाही.

माझ्या वयाच्या मंडळींना विनंती अशी, की आपण त्या खोलीत नसावे. आपल्याला करण्यासारखे दुसरे बरेच आहे. त्या दिवशी नातवंडाला सांभाळा, कोर्टापर्यंत गाडीने सोडा, संध्याकाळी डबा पाठवा. आणि "काय ठरलं?" याआधी "जेवलीस का?" हे विचारा.

ते जोडपे वेगळे झाले. यंदा मंडळाच्या गणपतीत त्यांचा मुलगा लेझीम पथकात होता. दोघेही बघायला आले होते, हॉलच्या दोन टोकांना उभे होते. कार्यक्रम संपल्यावर मुलगा आधी एकाकडे गेला, मग दुसऱ्याकडे. त्या दिवशी दीड तास बोलून मी जे साधू शकलो नव्हतो, ते त्यांनी स्वतःच बसून ठरवले होते.