फ्रेंडली फायर चालू ठेवा

विकास नगर, लखनौ

मुलांनी संगणकावर बंदुकीचे खेळ खेळावेत की नाही, हा प्रश्न मला सुट्टीवर गावी गेलो की हमखास विचारला जातो. वर्दीतला माणूस म्हणजे या विषयातला जाणकार, असा लोकांचा समज असावा. माझं उत्तर त्यांना जरा विचित्र वाटतं. मी म्हणतो, खेळू द्या, पण नुसतं खेळायला नको, सामना भरवायलाही शिकवा. आणि तोही जुन्या पद्धतीने, कन्सोल उघडून, एकेक कमांड हाताने टाइप करून.

आमच्या पिढीला हे वेगळं शिकावं लागलं नाही. खडकवासल्याहून रविवारी लिबर्टीवर पुण्यात आलो, की पोटभर खाणं आणि तासावर पैसे घेणारं सायबर कॅफे, एवढे दोनच कार्यक्रम असत. काउंटर-स्ट्राइक तेव्हा नवीन होतं. 1999 मध्ये दोन तरुणांनी ‘हाफ-लाइफ’ या खेळात फेरफार करून ते बनवलं आणि 2000 मध्ये व्हॉल्व्ह कंपनीने ते स्वतःच्या नावाने बाजारात आणलं. पुढे 2003 मध्ये 1.6 ही आवृत्ती आली. जुन्या, कमी ताकदीच्या संगणकावरही ती आजही चालते. विकास नगरमधल्या आमच्या भाड्याच्या घरात रविवारी तीच चालते. छावणी गोमतीपलीकडे, शहराच्या दुसऱ्या टोकाला. त्यामुळे मुलाचे दोस्त फौजी वसाहतीतले नाहीत, याच गल्लीतले आहेत. दोन जुने डेस्कटॉप, तीन लॅपटॉप आणि एक राउटर. इंटरनेट लागत नाही.

ज्यांनी हे कधी केलं नाही, त्यांच्यासाठी रीत सांगतो. कमांड इथे देवनागरीत लिहितोय. टाइप करताना त्या रोमन लिपीत, जिथे खालची रेघ आहे तिथे ती देऊन लिहायच्या. खेळाच्या सेटिंगमध्ये कन्सोल सुरू केला, की एस्केपच्या खालची कळ दाबताच एक रिकामी चौकट उघडते. पहिली ओळ ‘मॅक्सप्लेयर्स 10’. किती जण खेळणार हे नकाशा उघडण्याआधीच सांगावं लागतं, मागाहून बदलता येत नाही. मग ‘एसव्ही_लॅन 1’, म्हणजे सामना घरच्या घरी. मग ‘मॅप डीई_डस्ट2’, आणि मैदान तयार. बाकीच्यांनी आपापल्या कन्सोलमध्ये ‘कनेक्ट’ लिहून यजमान संगणकाचा आयपी पत्ता द्यायचा. कोण कोण आलं ते ‘स्टेटस’ लिहिलं की दिसतं. हजेरीच म्हणा ना.

इथवर तांत्रिक भाग झाला. माझा मुद्दा यानंतर सुरू होतो.

सामना भरवणाऱ्याच्या हातात त्या चौकटीतून किती सत्ता येते, ते पाहा. फेरी किती मिनिटांची, सुरुवातीला प्रत्येकाला किती पैसे, बॉम्ब किती सेकंदांनी फुटणार, हे सगळं तो ठरवतो. ‘एसव्ही_ग्रॅव्हिटी’चा आकडा 800 वरून 200 वर आणला, की सगळे खेळाडू पिसासारखे तरंगायला लागतात. ‘किक’ लिहून तो कुणालाही बाहेर काढू शकतो. हरायला लागला तर ‘एसव्ही_रिस्टार्ट 1’ लिहून सगळा गुणफलक पुसू शकतो. शिवाय त्याच्याच संगणकावर सामना चालतो, त्यामुळे त्याची गोळी बाकीच्यांपेक्षा किंचित आधी पोचते. आणि वीज गेली, यजमानाचा संगणक बंद पडला, की सगळ्यांचाच खेळ संपला. जून महिन्यात हे काही दुर्मिळ नाही.

एवढी सत्ता चौदा वर्षांच्या मुलाच्या हातात आली, की पहिल्या अर्ध्या तासात काय होतं ते सांगायला नको. ‘अंकल, ये तो चीटिंग है!’ अशी तक्रार माझ्यापर्यंत येतेच. मी निवाडा करत नाही. एवढंच सांगतो, की नियम सामना सुरू होण्याआधी कागदावर लिहा, सगळ्यांना वाचून दाखवा आणि मग यजमानाने कन्सोलला हात लावायचा नाही. बदल हवा असेल तर पुढच्या सामन्यात. यजमान दर रविवारी बदलतो. आज ज्याने मनमानी केली, त्याला पुढच्या रविवारी दुसऱ्याच्या राज्यात खेळायचं असतं. हे गणित मुलांना फार लवकर कळतं.

फौजेत हे आपण जाणतोच. युद्धसरावात दोन बाजू असतात आणि तिसरे असतात अंपायर. नियम ते राखतात, पण लढत नाहीत. घरी पाच मुलांत अंपायर वेगळा काढणं परवडत नाही. म्हणून लढणाऱ्यानेच अंपायरची इमानदारी पाळायची. हे जास्त अवघड आहे, आणि म्हणूनच शिकण्यासारखं.

आता सर्वांत महत्त्वाची ओळ: ‘एमपी_फ्रेंडलीफायर 1’. खेळ मुळात जसा येतो, त्यात इथे शून्य असतं. म्हणजे आपल्याच साथीदारावर गोळी झाडली तरी त्याला काही होत नाही. तसं ठेवलं, की मुलं कशी खेळतात ते मी इथे बघितलंय. दार उघडलं की आत कोण आहे न बघता पूर्ण मॅगझिन रिकामं. साथीदार समोर असला तरी त्याच्या आरपार. शून्याचा एक केला, की त्याच मुलांचं खेळणं बदलतं. ती एकमेकांना विचारायला लागतात, तू कुठे आहेस, डावीकडे कोण आहे, मी आत येतोय. जोडीला ‘एमपी_टीकेपनिश 1’ लावा. मग साथीदाराला मारणारा पुढची फेरी बसून बघतो. पहिल्या दिवशी रुसवेफुगवे होतात. तिसऱ्या रविवारपर्यंत गोळ्या निम्म्यावर आणि बोलणं दुप्पट.

हा आग्रह कुणाला अतिरेक वाटेल. मला वाटत नाही, आणि त्याचं कारण खेळातलं नाही. 27 फेब्रुवारी 2019 च्या सकाळी काश्मीरमध्ये बडगाम इथे वायुसेनेचं एक एमआय-17 हेलिकॉप्टर आपल्याच क्षेपणास्त्राने पडलं. वायुसेनेचे सहा जण आणि जमिनीवरचा एक नागरिक, असे सात जण गेले. त्यात आपल्या नाशिकचा एक तरुण वैमानिक होता. ती आपली मोठी चूक होती, हे त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये वायुसेनाप्रमुखांनी जाहीरपणे मान्य केलं. हातात शस्त्र असलेल्या प्रत्येक माणसाच्या मनात ही भीती असते आणि असायलाच हवी. समोरचा कोण आहे हे ओळखल्याशिवाय गोळी नाही, हा धडा फायरिंग रेंजवर पहिल्या दिवसापासून घोटून घेतला जातो. मग आपलीच मुलं दर रविवारी तीन तास याच्या नेमका उलटा धडा का गिरवतात? खेळाने तसा तो मांडून ठेवलाय म्हणून? तो शून्य एका ओळीत बदलता येतो. बदलणारा कुणीतरी हवा.

खेळाने सैनिक घडत नाही, असं माजी सैनिक वाचक म्हणतील. अगदी मान्य. बाहेर ‘एसव्ही_रिस्टार्ट’ नसतं. पण 1996 मध्ये अमेरिकेच्या मरीन कोअरने ‘डूम 2’ हा खेळ आपल्या कामासाठी बदलून घेतला, तेव्हा त्यांनाही त्यातून नेमबाजी शिकवायची नव्हती. चार जणांच्या तुकडीने एकमेकांशी बोलत, एकमेकांना सांभाळत निर्णय कसे घ्यायचे, याचा तो सराव होता. मला घरी तेवढंच हवंय.

आजचे मोबाइलवरचे खेळ ही संधी बहुतेक वेळा देत नाहीत. बटण दाबलं, की दूरवरचा कंपनीचा सर्व्हर शंभर अनोळखी माणसं गोळा करतो. नियम कुणी केले, कोणत्या खोलीत केले, काही कळत नाही. सप्टेंबर 2020 मध्ये सरकारने 118 अ‍ॅपवर बंदी घातली, त्यात पबजी मोबाइल होतं. बंदी योग्य की अयोग्य, हा इथला विषय नाही. पण लाखो पोरांचा खेळ एका आदेशाने थांबला आणि त्यांच्या हातात काहीच नव्हतं. त्याउलट आमच्या गल्लीतल्या पाच मुलांचा सामना त्यांचा स्वतःचा आहे. तो मोडला तर कुणी मोडला हे त्यांना माहीत असतं आणि पुन्हा उभा कसा करायचा हेही.

मुलाच्या हातातला मोबाइल काढून घेणं सोपं आहे, त्याने घरात फक्त अबोला वाढतो. त्याऐवजी माळ्यावरचा जुना संगणक खाली काढा, धूळ झटका, शेजारची चार मुलं बोलवा. नियमांचा कागद मुलांना लिहू द्या. तुम्ही एकच ओळ सक्तीची करा, फ्रेंडली फायरची. बाकीची भांडणं त्यांची ती मिटवतील. आणि एक जागा रिकामी असेल तर तुम्हीही बसा. फार वेळ टिकणार नाही तुम्ही, हे आधीच सांगून ठेवतो.