इच्छेला कारण कशाला?

मराठी समीक्षेत स्त्रीचा ‘कोंडमारा’ हा शब्द जितक्या सहजपणे येतो, तितक्या सहजपणे तिची ‘इच्छा’ येत नाही. कोंडमाऱ्याविषयी हळहळता येते. इच्छेला मात्र आपण लगेच कारण विचारतो. आमचा आक्षेप आहे तो या विचारण्यालाच.

विभावरी शिरूरकरांचा ‘कळ्यांचे निःश्वास’ हा कथासंग्रह १९३३ साली आला. शिकलेल्या, मिळवत्या, अविवाहित मुलींची घुसमट त्यात होती. त्यावर वादळ उठले, आणि मालतीबाई बेडेकरांना या टोपणनावाचा आडोसा किती आवश्यक होता हे सिद्ध झाले. निःश्वासाचीच ही गत, तर इच्छेच्या उच्चाराचे काय!

महेश मांजरेकरांचा ‘अस्तित्व’ (२०००) हा उच्चार करतो. पण आदितीच्या एका क्षणासाठी पटकथा किती पुरावे गोळा करते पाहा: नवऱ्याची सततची फिरती, तिचे एकटेपण, नवऱ्याचे स्वतःचे विवाहबाह्य संबंध. चित्रपट तिच्या बाजूने उभा राहतो, यात शंका नाही. पण तो उभा राहतो वकील म्हणून. आणि वकील लागतो तो आरोपीला.

याउलट नागिसा ओशिमाचा ‘आइ नो कोरीदा’ (१९७६). टोकियोत १९३६ साली घडलेल्या साडा आबे प्रकरणावर तो आधारलेला आहे. साडाच्या इच्छेसाठी कोणतीही सबब पुढे करण्याची गरज ओशिमाला वाटत नाही. एका दृश्यात सैनिकांची तुकडी संचलन करीत जाते आणि तिचा प्रियकर किचिझो विरुद्ध दिशेने मान खाली घालून चालत राहतो. दडपणारी सत्ता कोणती, हे तेवढ्यात कळते.

दिग्दर्शक पुरुषच आहे आणि इच्छेचा शेवट हत्येत होतो, ही हरकत रास्त आहे. उत्कट स्त्री म्हणजे पुरुषाचा घात, हे जुने भय तिथेही आहेच. म्हणून हा चित्रपट आम्ही आदर्श मानत नाही. मात्र स्त्रीची इच्छा खुलाशाविना पडद्यावर उभी राहू शकते, एवढे तो दाखवून देतो.

ठाणे, कल्याण-डोंबिवलीच्या वर्गांत समोर बसणाऱ्या मुली लोकलच्या गर्दीतून, घराची परवानगी आणि परतीची वेळ सांभाळत येतात. खुलासे देण्याची सवय त्यांना पुरेशी आहे. ‘नायिकेच्या वर्तनामागील कारणे स्पष्ट करा’ असा प्रश्न घालून आपण ती आणखी पक्की का करावी? एकदा ‘तिला काय हवे आहे?’ एवढेच विचारून पाहावे. उत्तरपत्रिका कदाचित कोऱ्या येतील. तो कोरेपणा वाचणे हेही समीक्षेचेच काम आहे.