धक्का कोणाच्या विवेकबुद्धीला?

गेल्या जयंतीच्या कार्यक्रमानंतर चहापानाच्या वेळी आपल्याच एका उच्चविद्याविभूषित बंधूंनी असे मत मांडले की, चौकशीत दोषी ठरलेल्या नोकराला बडतर्फ करण्याचा मालकाचा अधिकार अबाधित असावा, न्यायालयांनी त्यात ढवळाढवळ करू नये. दोन-चार जणांनी माना डोलावल्या. आपली मुले आता व्यवस्थापक होऊ लागली आहेत, त्याचा हा परिणाम असावा! या मताचा मी जाहीर प्रतिवाद करू इच्छितो.

१९४६ साली औद्योगिक रोजगार (स्थायी आदेश) कायदा झाला, तेव्हा व्हाइसरॉयच्या मंडळात मजूरखाते बाबासाहेबांकडे होते. शंभर वा अधिक कामगार असलेल्या आस्थापनेत गैरवर्तन कशास म्हणावे, हे लेखी असलेच पाहिजे, असा दंडक त्या कायद्याने घातला. मुकादमाची मर्जी हाच कायदा मानणाऱ्यांना तो लगाम होता. पुढे घटनेच्या ३११ व्या कलमाने सरकारी नोकराला बडतर्फीपूर्वी आपले म्हणणे मांडण्याची हमी दिली. परंतु शिक्षेबाबत बोलण्याची दुसरी संधी १९७६ च्या ४२ व्या घटनादुरुस्तीने काढून घेतली. आणि चौकशी करणे व्यवहार्य नाही असे कारण नोंदवून चौकशीविनाही बडतर्फ करता येते, ही तरतूद १९८५ साली तुलसीराम पटेल खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने उचलून धरली.

आता शिक्षेच्या प्रमाणाविषयी. वैद्यकात निदान आणि उपचार या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. बोटाच्या जखमेचे निदान अचूक होते, एवढ्यावरून हात कापणारा शल्यविशारद निर्दोष ठरत नाही. मात्र १९९५ च्या बी. सी. चतुर्वेदी खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, शिस्तभंगाच्या शिक्षेवर न्यायालय अपील ऐकत नसते; शिक्षा पाहून न्यायालयाच्या सद्सद्विवेकबुद्धीला धक्का बसला, तरच हस्तक्षेप. माझा प्रश्न असा की, धक्का कोणाच्या विवेकबुद्धीला? ज्या समाजाला सफाई कामगाराची उपासमार शतकानुशतके स्वाभाविक वाटत आली, त्याच समाजात घडलेल्या विवेकबुद्धीला सहजासहजी धक्का बसावा कसा? बसतो तेव्हा न्याय होतो, हे मी नाकारीत नाही. रणजित ठाकूर या जवानाला, जेवण्याचा हुकूम मानला नाही म्हणून, एक वर्षाची कैद आणि बडतर्फी मिळाली होती. ज्या अधिकाऱ्याविरुद्ध त्याने तक्रार केली होती, तोच न्याय करावयास बसला होता. १९८७ साली सर्वोच्च न्यायालयाने ती शिक्षा रद्द केली. परंतु इतके उघडे प्रकरण दररोज येत नाही.

येथे ब्रिटनमध्ये तरी काय निराळे आहे? समंजस मालकांपैकी एखाद्याने तरी अशी बडतर्फी केली असती काय, एवढेच न्यायाधिकरण पाहते. १९८२ च्या आइसलँड खटल्यापासून हीच कसोटी रूढ झाली. म्हणजे मोजपट्टीही मालकाच्याच घरची! त्यात २०१२ पासून, मालकांच्या व कामगारांच्या बाजूचे दोन सभासद वगळून, अन्याय्य बडतर्फीचे दावे न्यायाधीशाने एकट्यानेच ऐकण्याचा प्रघात सुरू झाला.

चोरी वा मारहाण खपवून घ्या, असे कोणी म्हणत नाही. २०१३ साली राजेंद्र यादव खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की, एकाच प्रकरणातील दोषींनाही समतेचे तत्त्व लागू होते. ते तत्त्व पुढे न्यावे, एवढीच माझी मागणी. त्याच आस्थापनेत, त्याच चुकीसाठी, मागील दहा वर्षांत कोणत्या प्रवर्गातील व कोणत्या हुद्द्याच्या माणसाला कोणती शिक्षा झाली, याचा तक्ता मालकाने न्यायालयापुढे ठेवलाच पाहिजे. मग न्यायाधीशांना धक्क्याची वाट पाहावी लागणार नाही. (कंत्राटी कामगाराच्या वाट्याला बहुधा चौकशीही येत नाही, हजेरीपटावरून त्याचे नाव गळते. तो निराळाच लेख होईल.)

मी हे पुस्तके वाचून लिहीत नाही. शिकाऊ डॉक्टर असताना आमच्या रुग्णालयात आपल्याच समाजाचा एक वॉर्डबॉय रात्रपाळीत झोपलेला आढळला. आरोपपत्र, खातेनिहाय चौकशी, बडतर्फी, सारे नियमानुसार झाले. महिन्याभरात त्याच्या कुटुंबाला रुग्णालयाच्या चाळीतील खोली सोडावी लागली. त्याच रात्री, त्याच मजल्यावर, ड्यूटीरूममध्ये आम्ही तिघे डॉक्टर झोपलो होतो. चौकशी अधिकाऱ्यांनी आम्हांला साक्षीला बोलावले नाही, आणि मीही आपणहून गेलो नाही.