पाळतीला लगाम कोण घालणार?

उत्तर प्रदेशातील खरक सिंग दरोड्याच्या आरोपातून पुराव्याअभावी सुटले, तरी पोलिसांनी त्यांच्या नावाची हिस्ट्रीशीट उघडली. रात्री-अपरात्री शिपाई येऊन दार ठोठावीत आणि त्यांना झोपेतून उठवीत. १९६२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने या रात्रीच्या भेटी घटनाबाह्य ठरविल्या. दुरून पाळत ठेवण्यास मात्र बहुमताने हरकत घेतली नाही. खासगीपणा हा स्वातंत्र्याचाच घटक आहे, हे न्या. सुब्बा राव यांचे वेगळे मत मान्य होण्यास २०१७ साल उजाडावे लागले. त्या वर्षी पुट्टस्वामी खटल्यात नऊ न्यायमूर्तींच्या पीठाने एकमुखाने तसा निर्वाळा दिला.

इतिहासाचा विद्यार्थी म्हणून मला त्या शिपायाचे महत्त्व वाटते. पाळत ठेवायची तर कुणाला तरी अंधारात चालत जावे लागे. सरकारच्या संशयाला मनुष्यबळाची मर्यादा होती. कॅमेऱ्याने ती मर्यादा पुसली. आता सारा चौक टिपून ठेवता येतो आणि संशयित मागाहून शोधता येतो.

कॅमेरे काढून टाका, असे मी म्हणणार नाही. हरवलेले मूल चित्रणामुळे सापडल्याचे मी सेवेत असताना पाहिले आहे. निर्भया निधीतून दिल्ली, मुंबई, लखनऊसह आठ शहरांसाठी ‘सेफ सिटी’ योजना आली, ती रात्री एकटीने घरी परतणाऱ्या स्त्रीच्या भीतीची दखल घेऊनच. पण चित्रण कोण पाहतो, ते केव्हा पुसले जाते, चेहरे ओळखणाऱ्या यंत्रणेला कोणाच्या परवानगीने जोडले जाते, हे सांगणारा स्वतंत्र केंद्रीय कायदा नाही. सरकारी हस्तक्षेपाला कायद्याचा आधार हवा आणि तो प्रमाणात हवा, ही पुट्टस्वामी निकालाची कसोटी आहे. २०२३ च्या व्यक्तिगत विदा संरक्षण कायद्यात मात्र सुरक्षा व सार्वजनिक सुव्यवस्थेच्या कारणास्तव आपल्या यंत्रणांना सूट देण्याची मुभा केंद्राने स्वतःकडे ठेवली. (मसुदे लिहिणाऱ्यांची ही सवय मला चांगली परिचयाची आहे.)

डिसेंबर २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने प्रत्येक पोलीस ठाण्यात, कोठडीसह, कॅमेरे बसवून १८ महिन्यांचे चित्रण जपण्याचा आदेश दिला. सप्टेंबर २०२५ मध्ये कोठडीतील मृत्यूंच्या वृत्तामुळे ठाण्यांतील चालू कॅमेऱ्यांच्या अभावाची न्यायालयाला स्वतःहून दखल घ्यावी लागली. चौकांसाठी नवे कॅमेरे मागणाऱ्या प्रत्येक प्रस्तावाला त्या शहरातील ठाण्यांच्या कॅमेऱ्यांचा अहवाल जोडणे बंधनकारक करावे. तो जोडलेला नसेल, तर वित्त विभागाने फाईल परत पाठवावी.