रहस्यकथेचा जिवंत प्रयोग

मोर्शीहून आमच्या एका वाचकभगिनीचे पत्र आले आहे. घरी तीन पिढ्या एकत्र नांदतात. दोन दीर मात्र अमेरिकेत. येत्या दिवाळीत मुलांनी एका रहस्यकथेचे नाटक वाड्याच्या अंगणात करावे आणि ते भ्रमणध्वनीच्या कॅमेऱ्यातून त्याच क्षणी दिरांच्या घरीही दिसावे, असा बेत ठरला आहे. रूपांतराचे काम या भगिनींकडे आले. "कथा वाचताना सासूबाईंना शेवटपर्यंत न कळलेला गुन्हेगार धाकट्या पुतण्याने पहिल्याच तालमीत ओळखला, आता काय करावे?" असे त्या विचारतात.

प्रश्न दिसतो तितका घरगुती नाही. दूरचित्रवाणीवरील नाटक जन्मले तेच मुळी जिवंत प्रयोगाच्या रूपाने. लंडनच्या अलेक्झांड्रा पॅलेसमधून बीबीसीने नोव्हेंबर १९३६ मध्ये नियमित प्रक्षेपण सुरू केले, आणि १८ जून १९३७ रोजी अगाथा ख्रिस्ती यांची 'वॉस्प्स नेस्ट', म्हणजे गांधीलमाश्यांचे पोळे, ही १९२८ सालची लघुकथा तेथून सादर झाली. नाट्यरूप खुद्द लेखिकेचे होते. पॉयरोची भूमिका फ्रान्सिस सलिव्हन यांनी केली. त्या प्रयोगाचे चित्रमुद्रण नाही. लंडनच्या आसपास ज्यांच्या घरी यंत्र होते त्यांनी पाहिला, तेवढाच.

कथेची निवड पाहण्याजोगी आहे. एक बाग, मोजकी पात्रे; खून व्हायचाच आहे आणि गुप्तहेर तो टाळावयास आला आहे. दृश्ये बदलण्याची यातायात नाही. मात्र कथेच्या गाभ्याशी एक हातचलाखी आहे. (ती कोणती, हे सांगून रसभंगाचे पाप आम्ही करणार नाही.) कागदावर लेखकाने एक वाक्य गाळले की काम भागते. कॅमेऱ्याला असे मौन पाळता येत नाही. समोर घडेल ते तो दाखवितो. म्हणून त्या क्षणी प्रेक्षकाची दृष्टी दुसरीकडे वळविणे भाग पडते. कोणाच्या तरी हातून चहाचा पेला सांडावा, नाहीतर आतून हाक यावी!

पुतण्याने गुन्हेगार ओळखला याचे कारण आम्हांस वेगळेच वाटते. घरातील सर्वांत चांगल्या नटाला ती भूमिका दिली असणार. मग रहस्य भूमिकांच्या वाटपातच फुटते. शिवाय आपण अपराधी आहोत हे नटाला ठाऊक असल्याने तो पहिल्या प्रवेशापासून कावराबावरा होतो. त्याने निरपराध मनुष्यासारखेच वावरावे, आणि निरपराध्यांपैकी एकदोघांनी थोडे चाचरावे.

शेवट बदलावा की नाही, अशी दुसरी शंका पत्रात आहे. ख्रिस्तीबाईंच्या बेटावरील दहा जणांच्या कादंबरीत अखेरीस कोणीच जिवंत उरत नाही. मग रंगभूमीवर उलगडा करणार कोण? १९४३ च्या नाटकात त्यांनी स्वतःच शेवट बदलून दोघांना वाचविले. तेव्हा शेवट खुशाल बदलावा. पण वाचकाला मिळालेला दुवा प्रेक्षकापासून लपवू नये. ती लबाडी होय, आणि सासूबाई ती क्षमा करणार नाहीत.

याच नाटकाचा जिवंत प्रयोग बीबीसीने ऑगस्ट १९४९ मध्ये दाखविला. त्यात भोसकून मारलेले सेनापती उठले आणि खिशात हात घालून शांतपणे चालते झाले. ते अवघ्या प्रेक्षकांस दिसले! लेखिकेचा संताप झाला. १९९३ ची 'व्योमकेश बक्षी' किंवा धारपांच्या कादंबरीवरील २०१८ ची 'ग्रहण' ही मालिका आधी चित्रित झालेली. तेथे चुकलेले पुन्हा घेता येते. अंगणात ती सोय नाही. मृत पात्राजवळ एखाद्या जाणत्या मुलास बसवावे आणि कॅमेरा वळल्याची खूण त्याने दिल्याखेरीज प्रेताने हलू नये.

अर्नाळकरांची कथा घ्यावी का, असेही त्या विचारतात. आम्ही ती पुस्तके शाळेच्या पुस्तकाआड लपवून वाचली आहेत. परंतु त्यांतील पाठलाग व झटापटी वाड्याच्या अंगणात कशा मावणार? एका खोलीत घडणारी कथा बरी.

वेळेचीही अडचण नाही. मोर्शीत रात्रीचे आठ वाजतात तेव्हा न्यूयॉर्कला सकाळ असते. आपल्याकडे अंधार मिळेल, त्यांना चहा घेत पाहता येईल. धाकट्या पुतण्याला मात्र प्रयोग संपेपर्यंत काकांशी फोनवर बोलू देऊ नये.