हडळ कुणाची लेक?

मंडळी, घरोघरी मोबाइल आला आणि त्यातून एक परदेशी भूत आपल्या ओसरीवर येऊन बसले. काळा झगा, ओठांबाहेर आलेले सुळे, माणसाच्या मानेला तोंड लावून रक्त पिणारे. पोरे त्याला व्हँपायर म्हणतात, कुणी ड्रॅक्युला म्हणते. त्याचे मूळ गाव कोणते, ते आज पाहू.

सर्बियातल्या किसिल्येवो नावाच्या खेड्यात पेटर ब्लागोयेविच नावाचा शेतकरी वारला. त्याला पुरल्यावर काही आठवड्यांनी, १७२५ साली, आठ दिवसांत गावातली नऊ माणसे दगावली. पेटर रात्री येऊन गळा दाबतो, असे ती मरताना सांगत होती. गावाने थडगे उकरले. प्रेत फारसे कुजले नव्हते आणि तोंडाशी रक्त होते. लोकांनी छातीत खुंट ठोकला आणि प्रेत जाळून टाकले. तिथल्या ऑस्ट्रियन अंमलदाराने वर कळवले, व्हिएन्नाच्या वर्तमानपत्रात ते छापून आले आणि व्हँपायर हा शब्द युरोपभर झाला. पुढे १८९७ साली ब्रॅम स्टोकर या आयरिश लेखकाने ‘ड्रॅक्युला’ ही कादंबरी लिहिली.

खरा प्रकार काय? गार मातीत पुरलेले मढे सावकाश कुजते. पोटात वायू धरून ते फुगते आणि आतले लालसर पाणी तोंडावाटे बाहेर येते. माणसे मेली ती बहुधा साथीने. पण गावाला रोग दिसला नाही, मढे दिसले. अखेर १७५५ साली महाराणी मारिया थेरेसाने आपल्या वैद्याकरवी चौकशी केली आणि थडगी उकरायला बंदी घातली.

आपल्या वेताळालाही साहेबाने याच पंगतीला बसवले. रिचर्ड बर्टनने १८७० साली विक्रम-वेताळाच्या गोष्टी इंग्रजीत आणल्या, तेव्हा वेताळाला त्याने व्हँपायरच म्हटले. पण आपला वेताळ राहतो प्रेतात. रक्त पीत नाही, गोष्ट सांगतो आणि राजाला न्याय विचारतो. कित्येक गावांत तो शेंदूर लावून शिवेवर राखण करतो.

आता रात्री ज्वारीला पाणी द्यायला निघालेला गडी ज्यांना भितो, ती आपली भुते पाहा. पाण्यात बुडून मेलेला तो गिऱ्हा. मुंज झाली पण सोडमुंज व्हायच्या आधीच गेलेला पोर तो मुंजा. बाळंतपणात किंवा ओली बाळंतीण असताना गेलेली बाई ती हडळ. नीट पाहिले तर ही भुतांची यादी नव्हे, अवेळी मेलेल्यांची नोंदवही आहे.

हडळ माणसाला वाळवते म्हणतात. पण ती स्वतः कशाने गेली? बाळंतपणात बाई दगावण्याचे एक मोठे कारण म्हणजे अंगावरून रक्त जाणे. त्यात अंगात मुळातच रक्त कमी असले तर वेळ फार थोडा उरतो. म्हणून दिवस राहिल्यावर तपासणी चुकवू नका, लोहाच्या गोळ्या चुकवू नका, बाळंतपण दवाखान्यातच करा. रक्त थांबेना तर देवऋषी शोधत आणि अंगारा लावत बसू नका. १०८ नंबरला फोन करून गाडी बोलवा. विहिरीला कठडा बांधा, म्हणजे गिऱ्हाही उठणार नाही.

भूत उतरवतो म्हणून कुणा बाईला मारणे, साखळीने बांधणे, चटके देणे हा गुन्हा आहे. डॉ. नरेंद्र दाभोलकर यांनी ज्यासाठी वर्षानुवर्षे झटले, तो कायदा त्यांच्या खुनानंतर २०१३ साली झाला. त्यात सहा महिन्यांपासून सात वर्षांपर्यंत कैद आहे.

आपल्या सोलापूर जिल्ह्याची रीत तर याहून जुनी आहे. मंगळवेढ्याला १३३८ साली गावकुसाची भिंत कोसळून संत चोखोबा इतर मजुरांबरोबर गाडले गेले. मरण अवेळीच, पण त्यांचे कुणी भूत केले नाही. हाडांतून विठ्ठलनाम ऐकू आले त्यावरून नामदेवांनी ती ओळखली, अशी कथा आहे. पंढरपूरला महाद्वारापाशी त्यांची समाधी आहे आणि वारकरी तिथे माथा टेकवतो.

बाळंतपणात गेलेली बाईही कुणाची तरी लेक असते. तिला हडळ म्हणून शिवेबाहेर घालवण्यापेक्षा ती का गेली, हे गावाने एकदा विचारावे. पुढची लेक त्यानेच वाचेल.